देवाजी कोतवालाची ओळ

तहसील कार्यालयात मी छत्तीस वर्षं काढली. नियमाप्रमाणे जुने कागद ठरावीक मुदतीनंतर नष्ट करायचे असतात. पण नष्ट करण्यासाठी जो नमुना भरावा लागतो, तो आमच्याकडे कधीच शिल्लक नसायचा. त्यामुळे कागद साचत गेले. किश्शांचंही तसंच झालं. ते कोणी जपले नाहीत, फक्त फेकून द्यायची परवानगी मिळाली नाही.

निवृत्त झाल्यापासून मी रोज सकाळी बसस्टँडसमोरच्या वाचनालयात जातो, पेपर वाचतो आणि ओट्यावर बसतो. पेपर दहा मिनिटांत संपतो, सकाळ संपत नाही. ओट्यावरची मंडळी ठरलेली. हटवार गुरुजी, निवृत्त शिक्षक. लांजेवार शेठ, भांड्यांचे व्यापारी. आणि देवाजी, माझ्याच कार्यालयातला जुना कोतवाल, जो ओट्यावर न बसता पायरीवर बसतो. कित्येक वर्षं सांगतोय, वर बस म्हणून. "पायरीच बरी जी," म्हणतो.

यंदा नगरपंचायतीनं ठरवलं की बसस्टँडसमोर गावाच्या इतिहासाचा फलक लावायचा. बारा ओळींत. मजकूर लिहायचं काम माझ्याकडे आलं. माझ्याकडेच का, असं विचारलं तर अध्यक्ष म्हणाले, "तुम्ही रिकामेच आहात ना." इतकी स्वच्छ नेमणूक मला नोकरीत कधी मिळाली नव्हती.

०

पहिली अडचण आली वयाची.

"गाव किती जुनं लिहायचं?" मी गुरुजींना विचारलं.

"अडीच हजार वर्षं."

मी नोकरीला लागलो तेव्हा हेच गुरुजी दीड हजार सांगायचे. माझ्या छत्तीस वर्षांत गाव हजार वर्षांनी म्हातारं झालं. कार्यालयात बसून मलाही साधारण तसंच वाटायचं, पण पुरावा नव्हता.

"मधली हजार वर्षं कुठून आली, गुरुजी?"

"शेजारचे पवनीवाले दोन हजार सांगतात. मग आपण काय काल आलो का?"

फलक समितीच्या बैठकीत यावर दोन तास गेले. शेवटी 'अतिप्राचीन' या शब्दावर समझोता झाला. मला तो फार आवडला. त्याला कागद जोडावा लागत नाही.

०

आमच्या गावात जमीन खणली की काहीतरी निघतंच. रुंद विटा, नक्षीचे दगड, कधी एखादा खांब. बाहेरच्या माणसाला याचं कौतुक वाटतं. आमच्याकडे मात्र पाया खणणारा माणूस काही निघू नये म्हणून नारळ फोडतो, कारण निघालं की काम थांबतं.

लांजेवार शेठनी दुकान मागे वाढवलं. म्हणजे सरकारी रस्त्यात चार हात. खणताना नक्षीचा दगड निघाला. शेठ कोणाला काही बोलले नाहीत. त्यांनी दगडाला शेंदूर फासला आणि वाढवलेल्या भिंतीच्या कोपऱ्यात बसवला.

पंधरा दिवसांनी अतिक्रमण काढणारं पथक जेसीबी घेऊन आलं. मुकादमानं दगडाकडे पाहिलं.

"कोणता देव होये, शेठ?"

"जागृत आहे," शेठ म्हणाले.

मुकादमानं चपला काढल्या. मग बाकीच्यांनी काढल्या. जेसीबीवाला वरच बसून होता, त्यानं इंजिन बंद केलं. पाच मिनिटांनी सगळे प्रसाद घेऊन परत गेले.

संध्याकाळी मी शेठना विचारलं, "देव नक्की कोणता?"

"ते अजून ठरलं नाही," शेठ म्हणाले. "आधी प्लास्टर सुकू द्या."

०

एकदा कुठल्याशा विद्यापीठाचा एक संशोधक आला होता. मोठा सज्जन माणूस, खांद्याला कॅमेरा. बसस्टँडवर उतरून त्यानं ऑटोवाल्याला सांगितलं, "इथलं सगळ्यात जुनं जे काही असेल, ते मला दाखवा."

ऑटोवाल्यानं त्याला सरळ तहसील कार्यालयात आणून माझ्या टेबलासमोर उभं केलं.

संशोधक गोंधळला. "हे... किती जुनं?"

"बाबूजी ना? रिटायर व्हाले दोन वर्षं बाकी आहेत," ऑटोवाला म्हणाला. "पण माह्या बापाच्या फेरफाराचा कागद त्याच्याही आधीचा आहे. थो पाहा."

संशोधकानं फाईलचा फोटो घेतला. ऑटोवाल्याचं काम मी त्याच आठवड्यात केलं. इतिहासाचा प्रत्यक्ष उपयोग मी पाहिला तो एवढाच.

०

आता देवाजीबद्दल सांगायला हवं.

देवाजी बेलगोंदीचा कोतवाल. बेलगोंदी आमच्यापासून तीन कोसांवर, वैनगंगेच्या काठी. होतं. कोतवालाचं काम म्हणजे नोटिसा पोहोचवणं आणि डफ वाजवत सरकारी हुकूम गल्लीगल्लीत ओरडून सांगणं, म्हणजे दवंडी. देवाजीला वाचायचा कंटाळा होता, की येतच नव्हतं, हे मला शेवटपर्यंत कळलं नाही. पण त्याच्या हातून एकही नोटीस चुकीच्या घरी गेली नाही. आणि पत्र एकदा वाचून दाखवलं की ते त्याच्या डोक्यात छापलं जायचं. दुसऱ्यांदा वाचावं लागत नसे.

नवे तहसीलदार आले तेव्हा त्यांचा यावर विश्वास बसेना. त्यांनी स्वतःच्या सहीचं पीक पाहणीचं एक पानभर पत्र मला देवाजीसमोर वाचायला लावलं आणि खात्री करायला स्वतः जीपनं बेलगोंदीला गेले. मी बरोबर होतो. चावडीसमोर देवाजीनं डफ वाजवला आणि पत्र सुरू केलं. विषय, संदर्भ, मजकूर, सगळं जसंच्या तसं. लोक ऐकत होते. शेवटी आवाज चढवून तो म्हणाला, "सही अस्पष्ट. शिक्का गोल. प्रत माहितीस्तव सादर."

तहसीलदार जीपमध्ये बसले. परतीच्या रस्त्यानं त्यांनी एकच वाक्य म्हटलं: "अक्षर सुधारायला पाहिजे."

०

मग गोसीखुर्द धरणाचं पाणी वर चढत आलं. बेलगोंदीच्या लोकांना आमच्या गावाच्या कडेला प्लॉट मिळाले. गाव रिकामं करण्याची दवंडी द्यावी, असं पत्र निघालं, पण ते आमच्यापर्यंत पोहोचेतो शेवटची बैलगाडी निघून गेली होती. पत्र मी देवाजीला वाचून दाखवलं आणि म्हटलं, "आता राहू दे. फाईलला लावून टाकतो."

तो डफ घेऊन गेला. संध्याकाळी परत आला.

"देऊन आलो जी."

"कोणाला दिली? तिथं आहे कोण?"

"तीन गल्ल्या होत्या. तिन्ही गल्ल्यात देली. दोन कुत्रे होते. त्यातला एक मागं मागं आला, आता घरी आहे."

दवंडी दिल्याच्या कागदावर दोन पंचांच्या सह्या लागतात. मी त्याला विचारलं, "पंच कोण लिहू?"

"लिवा जी तुमच्या मनानं. खोटं तं तुमाले लिवता येते."

हे त्यानं अजिबात टोमणा म्हणून म्हटलं नव्हतं. मी दोन नावं लिहिली. मग विचारलं, "पण जायची गरज काय होती?"

"बिना दवंडीचं गाव उठलं, तं लोक म्हंतील पळून गेले."

०

गाव बुडालं, पण कागदावरून उठायला त्याला आणखी बरीच वर्षं लागली. एका उन्हाळ्यात पाणीटंचाईचा तक्ता आला, त्यात बेलगोंदीचं नाव. माहिती तातडीनं हवी होती. मी देवाजीला बोलावलं. एव्हाना तो आमच्याच कार्यालयात शिपायाचं काम करत होता.

"गावाला टँकर लागेल का?"

"नाई लागत जी."

"गावापासून पाण्याचं अंतर?"

देवाजीनं थोडा विचार केला. "डोक्याच्या वर दोन माणूस."

मी तसंच लिहून पाठवलं. कोणीही खुलासा मागितला नाही. पुढच्या वर्षी मात्र तक्त्यातून बेलगोंदी गेलं. नाव गेलं त्या दिवशी देवाजीनं चहा घेतला नाही. मला वाटलं होतं, त्याला बरं वाटेल.

०

बेलगोंदीच्या वस्तीला आमच्या गावात 'पुनर्वसन' म्हणतात. ऑटोवाले विचारतात, "पुनर्वसन का?" शाळेत गुरुजी लोक हजेरीला म्हणायचे, "पुनर्वसनवाले इकडे बसा." रेशनकार्डावर 'पुनर्वसन टप्पा दोन'. तिथं जन्मलेल्या पोरांना लग्नाच्या वयात कोणी गाव विचारलं, तर तीही तेच सांगतात. बेलगोंदी हे नाव तोंडी असलेली माणसं आता थोडी उरलीत आणि दरवर्षी एक-दोन कमी होतात.

फलकाचं काम माझ्याकडे आलंय, हे देवाजीला कळलं त्या दिवसापासून तो रोज पायरीवरून विचारू लागला.

"बाबूजी, एक ओळ टाका ना बेलगोंदीची."

"बारा ओळींत अडीच हजार वर्षं बसवायची आहेत रे."

"मंग एक ओळ काहून नाई बसत?"

मी लिहिलं, 'धरणात गेलेल्या बेलगोंदी गावातील लोक येथे स्थायिक झाले आहेत.' वाचून दाखवलं. देवाजीनं मान हलवली.

"स्थायिक नोका लिवू. ते नोटिसीतलं आहे. अना लोक नोका लिवू. गाव लिवा."

शेवटी ओळ झाली ती अशी: 'नदीकाठचे बेलगोंदी हे गाव आता येथे राहते.' बारावी ओळ. बाकीच्या अकरा ओळींत अतिप्राचीन वगैरे होतंच. छत्तीस वर्षांत माझ्या हातून उतरलेलं हे एकच वाक्य असेल जे मला पुन्हा वाचावंसं वाटलं.

०

समितीनं मजकूर मंजूर केला. नंतर फलकाचा लोखंडी सांगाडा लांजेवार शेठनी दिला, म्हणून बाराव्या ओळीच्या जागी 'सौजन्य' आलं आणि भांड्यांच्या दुकानाचं नाव. मी अध्यक्षांकडे गेलो.

"बाबूजी, बुडालेल्या गावाचं आता काय?" ते म्हणाले. "आणि तो इतिहास तरी आहे का? तो तर आत्ता आत्ताचा."

खाली हातभर निळी पट्टी कोरी ठेवली होती. ती तरी द्या, म्हटलं. तर ती उद्घाटकांच्या नावासाठी. कोणत्या साहेबांना बोलवायचं यावरून दोन गट पडले होते, नाव ठरल्यावर पेंटर येऊन लिहिणार होता.

ओट्यावर शेठ मला म्हणाले, "मला कोणी विचारलंच नाही. मी एक ओळ मागे सरकलो असतो." सरकण्याचा त्यांचा अनुभव मला माहीत होता.

०

फलक उभा राहिला त्या दिवशी देवाजी मला हाताला धरून त्याच्यासमोर घेऊन गेला.

"वाचा जी. माह्या डोळ्यात मोतीबिंदू पिकून राहिला. मले निळं निळं दिसते फक्त."

मी वाचायला लागलो. अतिप्राचीन. विटा. घाट. देवळं. आठवड्याचा बाजार. अकरा ओळी झाल्या. देवाजी डोळे मिटून ऐकत होता. नोकरीत मी तोंडी खोटं कधी बोललो नाही. जे काय ते लेखीच. पण अकराव्या ओळीनंतर मी भांड्यांच्या दुकानावर आलो आणि माझ्या तोंडून निघालं, "नदीकाठचे बेलगोंदी हे गाव आता येथे राहते."

देवाजीनं डोळे उघडले. "बस," म्हणाला आणि काठी टेकत निघून गेला.

घरी पोचल्यावर माझ्या लक्षात आलं की मी हे कोणाला वाचून दाखवलं. कोतवालाला.

संध्याकाळी पुनर्वसनाकडून डफ ऐकू आला. देवाजीनं वस्तीच्या तिन्ही गल्ल्यांत फलकाची दवंडी दिली होती. सकाळी नऊला वस्ती फलकासमोर हजर. चाळीसेक माणसं, धुतलेले कपडे, बायकांच्या हातात ताटं, नारळ. पुढे भागीरथाबाई, बेलगोंदीची शेवटची सरपंच. मी ओट्यावरून उठून आत जाऊ लागलो, तर हटवार गुरुजींनी माझा सदरा धरला. "बसा. आता कुठं जाता?"

त्यांनी फलक वाचला. वाचणारे पुष्कळ होते, त्यात शिकलेल्या सुनाही होत्या. वरून खाली वाचला, पुन्हा वाचला.

भागीरथाबाई म्हणाली, "देवाजी, कोठी आहे गा?"

देवाजी फलकाकडे पाठ करून उभा होता. त्यानं मागे वळूनही पाहिलं नाही. काठी मागे नेली आणि तिचं टोक बरोबर कोऱ्या पट्टीवर टेकवलं.

"एथी."

भागीरथाबाई पट्टीजवळ गेली. मग तिनं ताटातलं कुंकू घेतलं आणि पट्टीच्या मधोमध बोट टेकवलं. तिच्यामागून बाकीच्या बायकांनीही. नारळ फुटला. खोबरं ओट्यावरही आलं. शेठनी दोन तुकडे घेतले.

आठ दिवसांनी पेंटर आला. उद्घाटकांचं नाव एकदाचं ठरलं होतं. त्यानं डबा उघडला, ब्रश भिजवला आणि पट्टीसमोर थांबला. मग ओट्याकडे आला.

"बाबूजी, तिथं कोणता देव होये?"

मी पेपर खाली ठेवला. "बेलगोंदी."

त्यानं नाव एकदा स्वतःशी म्हणून पाहिलं. ऐकलेलं नसावं.

"जागृत आहे का?"

मी पायरीकडे पाहिलं. देवाजी काठी मांडीवर घेऊन, डोळे मिटून उन्हात बसला होता.

"आहे," मी म्हणालो.

पेंटर परत फलकाकडे गेला आणि त्यानं चपला काढल्या.