खांबावरची निकासो

ग्रीसमधल्या एलिस गावात जवसाचे तंतू विंचरणारी निकासो तशी कुणाच्या अध्यात ना मध्यात. नवरा गेला, लेकी सासरी गेल्या, धुळीचा खोकला तेवढा सोबतीला राहिला. पण दर चार वर्षांनी हेरादेवीच्या जत्रेत पोरींच्या शर्यती लागल्या, की बाई एक दिवस आधीच ऑलिंपियाला हजर! देवळाच्या खांबावर लाकडी पाटीवर रंगवलेली तिची तसबीर होती ना. पंधराव्या वर्षी शर्यत जिंकताना तिने साऱ्या पोरींना पळता भुई थोडी केली होती.

खांबाखाली बसून ती तसबिरीतल्या त्या पोरीकडे बघत राहायची. दुपार कलायची, धूप दरवळायचा, आणि हळूहळू कोण कुणाकडे बघतंय तेच कळेनासं व्हायचं. पुढची चार वर्षं तेवढ्यावर निघायची. हसा खुशाल, एवढंही कितीजणांना मिळतं?

यंदा तसबीर खाली उतरवलेली. देवळाचं बघणारी म्हातारी फिलिना जुन्या पाट्यांची रास लावत होती.

"अहो बाई, ती माझी आहे!"

"सगळ्याच म्हणतात तसं. खांबांवर जागा नाही. जिला कुणी ओळखत नाही, ती चुलीत."

पाटीवरचे डोळे, नाक कधीच उडून गेले होते. जमलेल्या पोरी फिदीफिदी हसल्या. "आजी, ही तुम्ही? मग मी साक्षात हेरा!"

निकासो पुढे सरकली. पाटी गेली, की आपण कधीकाळी जिंकलो होतो हे सांगणारं जगात काहीच उरणार नव्हतं.

"माझ्या तोंडाकडे तरी बघा."

"तोंडावरून मला काय कळणार?" फिलिना म्हणाली. "ही पाटी लागली त्या वर्षी मी दुसरी आले होते. जिंकणारीची पाठ नि उघडा खांदाच तेवढा पाहिला मी. पळून दाखव."

निकासोने शर्यतीतल्या पोरींसारखा उजवा खांदा मोकळा केला, पांढरे केस सोडले, वस्त्र गुडघ्यावर खोचलं आणि मैदानात उतरली. आधी नुसतीच धाप. मग वारा कानाशी लागला, खोकला मागे कुठेतरी राहून गेला, आणि आपण कितव्या वर्षी पळतोय हेच तिला उमगेना. बघणाऱ्यांना झपझप चालणारी म्हातारी दिसली असेल. दिसू दे.

टोकाला पोचून ती वाकून उभी राहिली. तेवढ्यात उघड्या खांद्यावर हात पडला. फिलिना तिच्यामागून पळत आली होती. धापा टाकत होती आणि रडतही होती.

"हाच खांदा," ती म्हणाली. "आजही हाती लागली नाहीस गं, सटवे!"