गॅरेजातले मासे

हवाई बेटांवरचे लोक मासे कच्चे खातात, हे मला वयाच्या चौतिसाव्या वर्षी, वॉशिंग्टन राज्यातल्या बॉथेल गावी कळलं आणि कळल्याबरोबर मी नाक मुरडलं. नाक मुरडण्याचा मला सराव होता. मालवणच्या किनाऱ्यावर वाढलेल्या माणसाला मासा या विषयात जगात कोणी काही शिकवू शकत नाही, अशी आमची ठाम समजूत असते. चिंच नाही, आमसूल नाही, तिरफळाचा पत्ता नाही, नुसतं मीठ चोळून मासा गिळायचा, याला स्वयंपाक म्हणायचं तर मग धुऊन ठेवलेल्या तांदळाला भात म्हणायला काय हरकत आहे!

एवढी मोठी सुगरण मी, तर माझे मासे मी कुठे शिजवत होते, हे आधी सांगून टाकते. गॅरेजमध्ये.

ही २००६ सालची गोष्ट. घर घेऊन वर्ष होत होतं. क्रीम रंगाचा गालिचा, भिंतींना तसाच काहीसा रंग, आणि स्वयंपाकघर दिवाणखान्याला सताड उघडं. आमच्या ओळखीच्या मराठी मंडळींना घर विकत घेतल्या दिवसापासून ते विकायची काळजी लागलेली असे. राहायचं कोणालाच नव्हतं. आमच्या गटात एक पुण्याची मैत्रीण होती, तिचा शब्द या बाबतीत अखेरचा. घर पाहायला आली तेव्हा ती गालिच्यावर बोट फिरवून म्हणाली, "अगं, एकदा का कार्पेटमध्ये वास बसला ना, की रीसेलला वाट लागते यार! आम्ही तर फोडणीसुद्धा बाहेर ग्रिलवर करतो. आणि तुमचं तर फिश!"

‘तुमचं तर फिश’ हे तिने असं म्हटलं, जणू मला एखादा त्वचारोग होता. यावर मी काय करावं? तिला चार शब्द सुनवावेत? छे. मी दुसऱ्याच दिवशी कॅम्पिंगची शेगडी आणली, गॅरेजमध्ये मोटारीच्या नाकासमोर घडीचं टेबल मांडलं आणि नियम केला: मासे इथेच शिजवायचे, इथेच खायचे, आणि खाऊन आत येताना शर्ट बदलायचा. दाराशी त्यासाठी एक खुंटी ठोकली, तिच्यावर प्रत्येकाचा एक जुना माशाचा शर्ट. नवरा नागपूरचा, मिळेल ते खाणारा, त्याने निमूटपणे ऐकलं. मला त्या व्यवस्थेचा अभिमान वाटे. आज आठवलं की स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटते.

त्याच वर्षी मे महिन्यात बाबा आले. आईला जाऊन आठ महिने झाले होते. गावाहून धाकट्या भावाचा फोन आला होता: "ताई, ते जेवत नाहीत गो. डॉक्टर म्हणतात रोग काही नाही. तू घेऊन जा, तुझ्याकडे तरी दोन घास जातील." विमानतळावर बाबा दिसले ते अर्धे होऊन. पँट कमरेला राहावी म्हणून त्यांनी पट्ट्याला खिळ्याने तीन नवी भोकं पाडली होती. हा माणूस सुरमईचं डोकं शेवटच्या काट्यापर्यंत चोखून खाई आणि मग आईला विचारी, "आणखी आसा?" त्यांना जेवतं करायचं, एवढं एकच काम मला त्या उन्हाळ्यात होतं. ते जमलं नाही, तर नोव्हेंबरात मी त्यांना कोणत्या तोंडाने परत पाठवणार होते?

मग मी कोरियन दुकानातून गोठवलेले बांगडे आणले, व्हिएतनामी दुकानातून पापलेट आणलं. रव्यात घोळवून तळलं. बाबा जुना शर्ट चढवून घडीच्या खुर्चीवर बसत. एका बाजूला मोटार, दुसऱ्या बाजूला गवत कापायचं यंत्र, मागे कपडे धुवायच्या पावडरीचा डबा. टेबलावर मी वर्तमानपत्र अंथरत असे. मी उभी, हातात उलथणं, आणि एक डोळा घरात जायच्या दारावर, ते नीट लागलंय ना म्हणून. बाबा अर्धा तुकडा खात आणि ताट बाजूला सारत.

"बाबा, आणखी एक घ्या ना."

"पुरे. माका भूक नाय गो."

महिन्याभरात पट्ट्याला चौथं भोक पडलं. एक दिवस ते म्हणाले, "माझा तिकीट आधीचा करूक येता काय?" मी गोठवलेल्या माशाला दोष दिला. अमेरिकेतल्या मिठाला दिला. आईच्या हाताची चव मला नाही, असं म्हणून एकदा रडूनही घेतलं. गॅरेजला दोष द्यायचं मला सुचलं नाही.

गॅरेजचं मोठं दार मी तळताना अर्धं उघडं ठेवत असे. घरात वास नको. गल्लीत गेला तर गल्लीचं नशीब. शेजारच्या घरात हवाईची एक म्हातारी मुलाकडे राहायला आलेली होती. फुलाफुलांचा ढगळ झगा, पायात रबरी सपाता, आणि पहिल्याच भेटीत म्हणाल्या, मला सगळेच ‘आंटी’ म्हणतात, तूही म्हण. मी मनात म्हटलं, झालं, इथेही एक काकू निघाल्या! सप्टेंबरातल्या एका शनिवारी त्या अर्ध्या दारातून वाकून आत आल्या, खुर्चीवरल्या बाबांकडे पाहिलं, वर्तमानपत्राकडे पाहिलं, आणि आल्या तशा गेल्या. तासाभराने एक निळं काचेचं भांडं घेऊन परत. इंग्रजीत म्हणाल्या, "हे पोके. माझी आई करायची तसं. तुझ्या वडिलांना."

भांड्यात लालभडक माशाचे चौकोनी तुकडे होते. कुपा, इथला ट्यूना. म्हणजे सुरमई मिळाली नाही तर आमच्याकडे ज्याच्याकडे वळायचं तो मासा. त्याला जाडं मीठ लावलेलं, तिळाच्या तेलाचा वास, कसलीशी भाजलेली बी कुटून घातलेली आणि वर हिरवं-तांबडं शेवाळ. आमच्या गावी शेजारीण मासे देते ती साफ करून, मीठ लावून देते. पुढचं आपण करायचं असतं. बाईंना मसाला काही ठाऊक दिसत नाही, पण मन चांगलं आहे, असं मी त्यांना मनातल्या मनात प्रशस्तिपत्र दिलं. मग भांडं सिंकखाली धरून ते शेवाळ चांगलं तीन पाण्यांनी धुऊन काढलं, मालवणी मसाला लावला, डब्यातलं नारळाचं दूध, आमसुलं, तिरफळं घातली आणि गॅरेजात अर्धा तास रटरटवलं.

बाबांनी एक तुकडा तोंडात टाकला, बराच वेळ चावला आणि हातावर काढून ठेवला. "ह्यो मासो काय लाकूड?"

आता शेजारणीचं भांडं रिकामं कसं परत करायचं? आईने ती शिस्त लावलेली. मी तेच कालवण त्या निळ्या भांड्यात काठोकाठ भरलं, वर कोथिंबीर पेरली आणि मोठ्या तोऱ्यात नेऊन दिलं. आंटींनी झाकण काढलं. आत पाहिलं. चमच्याने एक चौकोनी तुकडा वर उचलला.

"हा माझाच मासा आहे का?"

"हो," मी म्हटलं. "मी शिजवला."

बाई पायरीवर मटकन बसल्या आणि डोळ्यांतून पाणी येईतो हसल्या. तो मासा तसाच खायचा होता म्हणे. झालेलंच होतं सगळं. हसू ओसरल्यावर त्यांनी विचारलं, "आणि शेवाळ?"

"धुऊन टाकलं."

तेव्हा मात्र त्यांनी चमचा खाली ठेवला. मग म्हणाल्या, "भावाने बर्फात घालून पाठवलं होतं. इथे मिळत नाही ते." मला शरम वाटली, आणि शरम वाटली की माझी जीभ जास्तच तिखट होते. घरी येऊन मी नवऱ्याला म्हटलं, "शेवाळ काय कुरिअरने मागवतात! उद्या चिखल मागवतील." तो हसला नाही. त्याने फक्त विचारलं की रविवारी आंटींनी जेवायला बोलावलंय ते खरं का. खरं होतं. बाबांना घेऊन ये आणि तू काही आणू नकोस, असं त्यांनी मला पायरीवरूनच बजावलं होतं. दुसरा भाग का, हे मी समजू शकत होते.

रविवारी दुपारी गेलो. दारातच माशाचा वास अंगावर आला. पाहते तर खिडक्या बंद. गालिचा आमच्यासारखाच, त्याच बिल्डरचा, त्याच क्रीम रंगाचा. शेगडीवर मोठ्या भांड्यात सकाळपासून काहीतरी वाफवत होतं. मी मनात म्हटलं, या घराचा रीसेल आता देवच करो.

आंटींनी बाबांचा दंड धरला आणि त्यांना जेवणाच्या टेबलाच्या टोकाच्या खुर्चीत बसवलं. मग कापडी रुमाल आला, चिनी मातीची ताटली आली. वाफवलेली पुडकी सोडली तर आत अळूची पानं आणि त्यात खारवलेला मासा. बाबांनी पान ओळखलं आणि काळजीने स्वतःचा घसा खाजवून दाखवला. आंटी हसल्या, घड्याळ दाखवलं, चार बोटं वर केली. चार तास शिजवलंय, खाजणार नाही. बाबांनी मान डोलावली. दोघांना एकमेकांचा एक शब्द कळत नव्हता आणि त्यांचं काही अडत नव्हतं. मध्ये दुभाषी म्हणून बसलेल्या मला कोणी विचारेना.

शेजारी अळूच्या कांद्याचा जांभळट राखाडी लगदा होता. आमच्या शाळेत पतंग चिकटवायची खळ होती ती याहून बरी दिसायची. मग आंटींनी खारवलेला सामन मासा, टोमॅटो आणि कांदा एका परातीत घेतला आणि हातांनी कुस्करायला लागल्या. मी तोंड फिरवलं. परत पाहिलं तर बाबा बाह्या सारून, हात धुऊन त्याच परातीत उतरलेले. दोन म्हातारी माणसं कोपरापर्यंत माशात, आणि वर बाईंनी ओंजळभर बर्फ ओतला. हे लोणचं की प्रेत, असा प्रश्न माझ्या अगदी जिभेवर आला होता.

आणि बाबा जेवले. कच्चा कुपा खाल्ला, अळूतला मासा खाल्ला, बर्फातला सामन तीनदा मागून घेतला. खळसुद्धा बोटाने चाटली. शेवटी आंटींकडे बघून म्हणाले, "आणखी आसा?" त्यांना ते बरोबर कळलं. मला आनंद व्हायला हवा होता. मला राग आला. चार महिने मी रवा लावून तळतेय, वाटण वाटतेय, आणि या माणसाला जेवण जातं ते हे!

दोन घरांमध्ये वीस पावलांचं अंतर. तेवढ्यात मी विचारलंच, "बाबा, ते कच्चंबिच्चं तुम्हाला इतकं आवडलं?"

"आवडण्यासारख्या काय आसा तेच्यात?" ते म्हणाले. "मीठ कमी, तिखाट नाय, आणि वर बर्फ घातल्यान!"

"मग तीनदा कशाला घेतलंत?"

बाबा सारलेल्या बाह्या खाली ओढू लागले. माझ्याकडे न बघता म्हणाले, "तिणा माका टेबलार बसयल्यान गो."

एवढंच. तक्रारीचा सूरही नव्हता. मी उरलेली पावलं कशी चालले ते मला आठवत नाही. मासे ज्यांच्या मांडीवर बसून खायला शिकले, त्या माणसाला मी मोटारीसमोर बसवून वर्तमानपत्रावर जेवायला घालत होते. का, तर पुढेमागे कोणी अनोळखी माणूस आमच्या गालिच्याचा वास घेईल म्हणून!

दुसऱ्या दिवशी कामावरून आल्यावर मी घरातल्या शेगडीवर बांगडे तळले. पंखा लावला नाही, खिडकी उघडली नाही. नवरा आत येऊन म्हणाला, "वास येतोय." मी म्हटलं, "येऊ दे." जेवणाच्या टेबलावर तीन ताटं मांडली. लग्नात मिळालेली स्टीलची मोठी ताटं. बाबांना हाक मारली. उत्तर आलं नाही. खोलीत पाहिलं, अंगणात पाहिलं. कुठेच नाहीत.

मग मी गॅरेजचं दार उघडलं. बाबा घडीच्या खुर्चीत बसले होते. खुंटीवरचा जुना शर्ट अंगात होता, समोर वर्तमानपत्र त्यांनी स्वतःच अंथरून ठेवलं होतं. मला पाहून त्यांनी जरा नवलाने विचारलं, "आज वास आतसून कसो येता गो?"