मेव्हण्यांचं उलटं रीळ

आमच्या मेव्हण्यांच्या लेखी, ज्याचं एकदा चित्रीकरण झालं तो माणूस कधीच मरत नसे. हमाल, कापूस वेचणाऱ्या बाया, केळीचे घड वाहणारे मजूर, असल्या कष्टकऱ्यांवर ते माहितीपट काढायचे. ऐंशीच्या दशकात जळगावात हा उद्योग म्हणजे निव्वळ वेडेपणा! माझ्या लग्नात हौसेने त्यांच्या हाती कॅमेरा दिला, तर अख्ख्या रिळात भांडी घासणारी बाई. घासून लख्ख केलेल्या एका परातीत दोन मुंडावळ्या हलताना दिसतात, तेच आम्ही. विचारलं तर म्हणाले, "लग्न काय, कोणीही करतं. ती परात कशी फिरवते बघा!"

मेहरूणला त्यांच्याकडे जेवायला जायची मला धास्तीच वाटे. पडदा म्हणून स्वयंपाकघराची भिंत! इकडे वहिनी भाकरी थापतायत आणि त्यांच्या डोक्यावर कधीच वारलेला हमाल गुमान पोती वाहतोय. "अहो, हे गेले ना?" मी घास हातात धरून विचारायचो. "गेले कुठे? कामावर आहेत की!" म्हणत ते मला आणखी भरीत वाढायचे.

ज्याचं चित्र, त्याला ते आधी त्याच्याच दारात दाखवायचं, हा त्यांचा नेम. भडगावच्या दोर वळणाऱ्या आबांना त्यांनी तसा शब्द दिला होता. आबांची बायको अक्का चाक फिरवायची आणि आबा तिच्याकडे तोंड करून, अंबाडीचे तंतू सोडत, उलट्या पावली लांब जायचे. मेव्हण्यांनी अक्काशेजारी कॅमेरा लावून तेवढंच टिपलं. मुंबईहून रीळ धुऊन येईपर्यंत आबा वारले. आईला हे सोसणार नाही, म्हणून मुलगा नको म्हणत होता. अक्का मात्र हटून बसली. मेव्हण्यांची झोप उडाली. शेवटी धीर द्यायला मी सोबत गेलो.

दिवेलागणीला अंगणात पांढरं धोतर ताणून बांधलं. अक्का गोणपाटावर बसली. पडद्यावर आबा तिच्याकडे बघून हसत मागे मागे जाऊ लागले, लहान होत होत पार कडुनिंबापाशी पोचले. अक्काने टाहो फोडला, "भाऊ, त्या दूर जाई राह्यनात! त्यासले माघारी बलावा ना!"

मुलगा तावातावाने उठला. आता मेव्हणे बंद करणार, असं मला वाटलं. पण त्यांनी प्रोजेक्टरची कळ उलटी फिरवली. आणि आबा निघाले. सरळ पावली, दोर उलगडत, मोठे मोठे होत थेट अक्कासमोर, तोंडावर तेच हसू. खरं सांगतो, मी उठून उभा राहिलो.

"उनात," अक्का हळूच म्हणाली. "बठ्ठं काम टाकीसन उनात." सगळं काम टाकून आले. मग ती गोणपाटावर जराशी सरकली आणि शेजारी जागा केली.

ते रीळ मेव्हण्यांनी पुन्हा कधी सरळ लावलं नाही. आता तेही गेले. जन्मभर कॅमेऱ्यामागे उभ्या राहिलेल्या माणसाचं एकही चित्र आमच्याकडे नाही, म्हणून परवा बायको फार रडली. तिचं मन रमावं म्हणून मी लग्नाचं रीळ लावलं. ती परात आली. तिच्यात आमच्या मुंडावळ्यांच्या मागे कोणीतरी उभं होतं, डोळ्याला कॅमेरा लावून.

बायकोने डोळे पुसले. म्हणाली, "दादा कामावर आहे."