हळदीच्या पोत्यावरची किल्ली

सटवाजीची दीक्षा नुसती घरावरून गेली तरी त्या घरातलं नेट ओढून नेते, अशी कुरुंद्यात आवई उठली. पारुबाईंनी तर भीतीनं आपला मोबाइल ज्वारीच्या कणगीत पुरला, आणि मग "माझा फोन कोणी नेला?" म्हणून गल्ली डोक्यावर घेतली.

खरं एवढंच, की दीक्षा लोकांच्या वायफायची दारं नीट लागली आहेत का, ते तपासते. हिंगोलीत दुकानं, दवाखाने तिच्याकडून तपासून घेतात. मालकाच्या सहीशिवाय ती हात लावत नाही. कुरुंद्यात राउटर बसवले केबलवाल्या बंटीनं. कोणी विसरू नये म्हणून पासवर्ड ठेवला ज्याचा त्याचा मोबाइल नंबर. दीक्षाला हे आपल्याच घरी कळलं आणि तिनं कपाळाला हात लावला. कारण मोंढ्याच्या बाजारात माल बदलू नये म्हणून तोच नंबर हळदीच्या पोत्यांवर ठळक रंगवलेला! घराची किल्ली पोत्यावर बसून वसमतला चाललेली.

हे सांगायला ती हळदवाल्या माणिकरावांकडे तीनदा गेली. दोनदा ते "झोपलेत". तिसऱ्यांदा ओसरीतूनच ओरडले, "आमचा पासवर्ड तुला काहून ठाऊक? चोरटी कुठली!" माणिकराव ग्रामपंचायतीचे सदस्य. गावच्या अभ्यासिकेतल्या वायफायचं काम दीक्षाला मिळणार होतं, ते त्या एका शब्दावर अडकलं.

दुसरी असती तर तोंड लपवून बसली असती. दीक्षानं ओढणी खोचली, कोरा कागद घेतला आणि थेट माणिकरावांच्या शालूबाईंना गाठलं. कनेक्शन त्यांच्या नावावर होतं.

"काकू, तपासते. पण आधी सही करा."

"केली बाई. आता माझ्यासमोर दाखव."

दोघी फाटकाबाहेर रस्त्यावर उभ्या राहिल्या. तिथं भरून उभ्या असलेल्या त्यांच्या टेम्पोतल्या पोत्यावरचा नंबर वाचून दीक्षानं मोबाइलमध्ये टाकला. वायफाय जोडलं गेलं. आतल्या हळदीच्या शेडमधल्या कॅमेऱ्याचा पासवर्ड तर कंपनीतून आला तसाच, एक ते सहा आकडे. चित्र उघडलं. हळदीच्या थप्पीआड माणिकराव, मांडीवर जिलेबीचा पुडा. डॉक्टरनं साखर बंद केलेले माणिकराव!

शालूबाई रस्त्यावरूनच गरजल्या, "अहो, ती चौथी खाली ठेवा!"

शेडमध्ये पुडा पडला. दीक्षा मात्र हसली नाही. "काकू, मला दिसलं तसं कोणालाबी दिसंल," म्हणाली, आणि राउटर, कॅमेरा, दोन्हींचे पासवर्ड तिनं तिथंच बदलून दिले.

दुसऱ्या दिवशी ग्रामपंचायतीत अभ्यासिकेचं काम दीक्षालाच द्या, असं माणिकराव स्वतः बोलले. शालूबाई दारात उभ्या होत्या, हे त्याचं कारण नव्हे असं ते आजही सांगतात. पण खोड जाते थोडीच? कागदावर सही करणाऱ्या दीक्षाला त्यांनी हटकलंच, "पण पोरी, लोकाच्या घराची किल्ली जिला ठाऊक, तिला चोर न्हाई तर काय म्हणावं?"

दीक्षानं सही पुरी केली, मग मान वर केली.

"चोर कडी वाजवत न्हाई, काका. मी तीनदा वाजवली."