हेतलची गुजराती

परवा मोबाइलवर चुकून गुजराती लिपी लागली आणि चेन्नईत मैलापूरच्या ब्राउझिंग सेंटरमधली, म्हणजे सायबर कॅफेतली, हेतल आठवली. माझी रूममेट. ती इंग्रजी कीबोर्ड बडवायची आणि पडद्यावर भराभर गुजराती उमटायची. ईमेलवर आलेली पप्पांची गुजरातीतली लांबलचक उत्तरं वाचून ती खुदखुदायची. माझे बाबा इंग्रजीत दोन ओळी लिहायचे, ऑफिसच्या पत्रासारख्या. माझा नुसता जळफळाट व्हायचा.

एकदा तिच्याकडून शिकून मी मराठीत लिहिलं, ‘बाबा, मला इथे करमत नाही.’ थोड्या वेळाने बाबांचा फोन आला.

“अगं, इथे नुसते चौकोन दिसतायत. काय लिहिलंयस?”

तोंडानेही सांगता आलं असतं. पण शेजारी हेतल पप्पांचं पत्र वाचत हसत होती. तिच्यासमोर मला रडायचं नव्हतं.

“काही नाही,” मी म्हणाले, “मजेत आहे.”