पिवळ्याचं लाल होत नाही

"तू सिकल सेलची वाहक आहेस," डॉक्टर मॅडम म्हणाल्या. त्यावर मी पहिला प्रश्न विचारला तो हा, "मग सामने कधीपासून खेळू?"

शेजारी उभ्या आईने कपाळाला हात लावला. बुलढाण्याच्या दवाखान्यातली सकाळ होती ती. सलाईनने माझा हात निळा पडला होता, पाय अजून धड उचलत नव्हते, आणि मी सामन्यांचं विचारत होते. मॅडम हसल्या नाहीत आणि रागावल्याही नाहीत. आधी नीट ऐकून घे, म्हणाल्या.

मी चिडकी आहे, हे सुरुवातीलाच सांगून टाकते. हे लिहितेय तेसुद्धा चिडूनच. तुमच्या हातात असा रिपोर्ट पडला असेल आणि घरचे-दारचे सगळे एका सुरात "आता गप घरी बस" म्हणत असतील, तर हे तुमच्यासाठी आहे.

मी जानेफळची, बी.ए.साठी बुलढाण्याला हॉस्टेलवर. आमच्या कॉलेजात मुलींची अमेरिकन फुटबॉलची टीम होती. हो, बुलढाण्यातच. अंड्यासारखा लांबट चेंडू हातात धरून पळायचं आणि समोरच्यांनी अंगावर येऊन आपल्याला पाडायचं, असा तो खेळ. आमचे क्रीडाशिक्षक इंगळे सर कुठल्याशा शिबिरात शिकून आले आणि त्यांनी टीम काढली. खरं सांगू? निम्म्या पोरी क्रीडा गुणांच्या आशेने आल्या होत्या. मीही त्यातलीच. पण पहिल्यांदा हेल्मेट चढवून एकीला धडकले, ती आडवी झाली, मी उभीच राहिले, आणि मनात म्हटलं, बाप्पा, हेच तर पाहिजे होतं आपल्याला. चेंडू फेकायची अफसाना, रोज देऊळघाटहून येणारी माझी मैत्रीण. तो घेऊन पळायचे मी.

सीझनच्या आधी सर आम्हाला घाट चढवायचे. ऑक्टोबरचं ऊन, आणि मध्ये पाणी प्यायला बंदी. पाणी पिलं की पाय जड पडतात, हा सरांचा कायदा. आम्हीही तो मुकाट मानायचो, कारण त्यांच्याही सरांनी त्यांना तेच शिकवलं होतं.

त्या दिवशी चढावर माझे पाय गेले. गोळा आला असता तर ओळखलं असतं. पोटरी दगडासारखी होते, माणूस ओरडतो. इथे तसलं काहीच नाही. पाय मऊ, लुळे, माझे नसल्यासारखे. मी रस्त्याच्या कडेला बसले. सर वरून म्हणाले, "ऊठ, नाटकं नको करू." मला आजवर कोणी नाटकी म्हटलं नव्हतं. रागाने उठले, पुढच्या वळणापर्यंत पळाले आणि पडले. मग अफसानानेच मला उचलून सावलीत नेलं.

संध्याकाळी लघवी झाली ती काळ्या चहाच्या रंगाची. मी लाजेने कोणाला सांगितलं नसतं. पण अफसाना हॉस्टेलवर थांबली होती, तिने खोदून खोदून विचारलं आणि ऑटो आणून सरळ दवाखान्यात घातलं. तुम्हाला असा रंग दिसला तर लाजू नका, तडक दवाखाना गाठा.

तिथे सी.पी.के. नावाची रक्ततपासणी झाली. स्नायू तुटले की रक्तात वाढणारा हा एक घटक. माझा भलताच वाढलेला. ह्या प्रकाराला रॅब्डोमायोलिसिस म्हणतात, म्हणजे स्नायू तुटतात आणि त्यांचा गाळ मूत्रपिंडात जाऊन अडकतो. सलाईनवर सलाईन चढल्या. मॅडम राऊंडला आल्या की आधी लघवीचा रंग बघायच्या, मग माझं तोंड. किडनी वाचेल ना, हे विचारायची हिंमत मला झाली नाही, आईलाही नाही. रंग हळूहळू उतरला तेव्हा आई भिंतीकडे तोंड करून रडली.

एवढ्या पळण्याने एवढं व्हायला नको, असं मॅडमच्या मनात आलं. म्हणून सोल्युबिलिटी टेस्ट केली. रक्ताचा थेंब एका द्रावणात टाकतात, ते गढूळ झालं तर सिकलची शंका. माझं गढूळ झालं. मग इलेक्ट्रोफोरेसिस, त्यात हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करून बघतात. तो रिपोर्ट यायला वेळ लागला. रिपोर्टवर होतं, ए-एस. आई-बाबांपैकी एकाकडून चांगलं हिमोग्लोबिन, दुसऱ्याकडून सिकलचं. रोजच्या जगण्यात ह्याचा सहसा पत्ताही लागत नाही. पण ऊन, तहान आणि विश्रांतीशिवाय रेटून पळणं, हे तिन्ही एकत्र आलं की काही रक्तपेशी विळ्यासारख्या वाकतात आणि स्नायूंचं रक्त अडवतात. घाटात माझं तेच झालं होतं.

आई अंगणवाडी सेविका. तिला सिकलच्या सरकारी कार्डांचं माहीत होतं. वाहकाला पिवळं, आजार असलेल्याला लाल. पिवळं कार्ड मिळताच तिने ते पदराखाली घेतलं. "कोणाले सांगू नको माय. सोयरीक जमनार नाही," म्हणाली. शेजारच्या खाटेवरची बाई लगेच म्हणाली, हे तुमच्याच लोकांत असते ना? माझं डोकं फिरलं. पण मॅडमनीच तिला शांतपणे समजावलं, की जिथे पूर्वी मलेरिया फार होता तिथल्या लोकांत हा गुण टिकून राहिला, कारण वाहकाला मलेरिया सहजी मारू शकत नव्हता. रक्ताला जात कळत नाही बाई, असंही म्हणाल्या. म्हणजे माझे खापरपणजोबा मलेरियाला पुरून उरले होते. मला तर ते ऐकून बरंच वाटलं.

आईचं मी ऐकलं नाही. कॉलेजात गेल्या गेल्या टीमला सांगून टाकलं, मला पिवळं कार्ड मिळालंय. आणि तिथेच घोळ झाला. पोरींनी आयुष्यभर टीव्हीवर साधा फुटबॉल पाहिलेला. पिवळं म्हणजे ताकीद, दुसऱ्या वेळी लाल आणि मैदानाबाहेर. लागण होईल म्हणून कोणी माझी बाटली घेईना, मला काही होईल म्हणून कोणी धडक देईना. सर तर घाबरूनच गेले होते. "आज पिवळं हाय, उद्या लाल होईन," ते म्हणाले. "तू गुण मांडाले बस. कॉलेजवर बालंट नको."

मी हेल्मेट आपटलं. त्याचा पट्टा तुटला, त्यावरून बोलणी खाल्ली ती वेगळीच. रात्रभर स्वतःशीच भांडले. मला सगळ्यात जास्त लागलं ते हे, की माझ्या मनातही तीच भीती होती. खरंच लाल झालं तर?

दुसऱ्या दिवशी सरांना म्हटलं, तुम्ही माझ्यासोबत दवाखान्यात चला, मॅडम नाही म्हणाल्या तर मी स्वतः टीम सोडते. सर आले. ओ.पी.डी.च्या बाकावर आम्ही दोघं शेजारी बसलो.

मॅडमनी सगळं ऐकून घेतलं. मग मला विचारलं, हा खेळ नेमका कसा खेळतात? मी सांगितलं, काही क्षण जीव खाऊन धावायचं, पडायचं, थांबायचं, घोळक्याने जमून पुढची चाल ठरवायची, परत धावायचं.

"म्हणजे खेळात थांबायला मिळतं," त्या म्हणाल्या. "मग ही खेळाने पडली नाही, सरावाने पडली. सर, पिवळ्याचं लाल कधीच होत नाही. ही जन्मली तेव्हाही वाहक होती, म्हातारी होईल तेव्हाही वाहकच असेल. हिला काढू नका, तुमचा सराव बदला."

मग त्यांनी अटी सांगितल्या. सुरुवात हळू, दर धावेनंतर विश्रांती, पाणी हवं तेव्हा. ताप असेल किंवा फार ऊन असेल तर सुट्टी. आणि पाय सैल वाटले की त्या क्षणी बसायचं, मग कोणी काहीही म्हणो.

सर व्हरांड्यात आले. म्हणाले, "मले कोणी सांगितलंच नव्हतं वं." माझा राग तेव्हा गेला नव्हता, उगाच खोटं कशाला लिहू? पण त्या आठवड्यापासून मैदानावर पाण्याचा जार आला, आणि सर स्वतः तो भरायला लागले.

लाल कार्डवाल्यांबद्दलही एक सांगते. त्या भीतीच्या दिवसांत मी त्यांना मेल्यातच जमा धरलं होतं. नंतर ओ.पी.डी.त एक ताई भेटली, लाल कार्डवाली. गोळ्या घेते, दुखणं उठलं की भरती होते, आणि शाळेत शिकवते. मला माझीच लाज वाटली. आणि लग्नाचं म्हणाल तर कार्ड लपवून काही साधत नाही. दोन वाहकांची गाठ पडली तर बाळाला आजार होऊ शकतो, म्हणून दोघांनी आधी तपासून घ्यावं. मी तरी न विचारता सांगणार आहे. मुलगा पळाला तर पळू दे.

सीझन काही गाजला नाही आमचा. पहिला सामना हरलो, दुसरा अफसानाच्या फेकीवर कसाबसा जिंकलो. शेवटच्या सामन्याला आई आली. मी बोलावलं नव्हतं. अंगणवाडी आटोपून, दोन बस बदलून आली आणि मैदानाच्या कडेच्या दोरीपाशी जाऊन उभी राहिली.

सामना अटीतटीचा होता. आमच्या हातात चेंडू, गुणासाठी ओलांडायची रेषा समोर दिसत होती, आणि माझे पाय सैल झाले. घाटातले तेच पाय, ओळखले मी. एक धाव काढली असती कदाचित. काढावीशी फार वाटली. पण मी हात वर केला आणि सगळ्यांच्या देखत चालत बाहेर आले. दोरीपलीकडची पोट्टी हसली, "दमली बे, दमली." सरांनी माझ्या जागी दुसरी पोरगी पाठवली आणि पाण्याचा ग्लास माझ्या हातात दिला. मी खाली बसून घोट घोट प्यायले. रडू येत होतं, रागाने.

आईजवळ उभ्या असलेल्या एका बाईने तिला विचारलं, पोरीला काय झालं हो? मी कान टवकारले. आता ही म्हणेल चक्कर आली, किंवा म्हणेल सकाळपासून उपाशी आहे.

आई चांगली मोठ्याने बोलली, दोरीपाशी उभ्या सगळ्यांना ऐकू जाईल असं. "सिकलची वाहक हाय ती. पाय सैल झाले का बसते, पानी पिते, अन् मंग खेळते."

"मंग घरी काऊन नाही बसवत?"

"घरी बसून काय करन? खेळू द्या ना तिले."

सामना आम्ही हरलो. पण त्याच्या आधी माझे पाय ठिकाणावर आले, मी सरांकडे पाहिलं, सरांनी मान हलवली, आणि मी हेल्मेट चढवून आत गेले.