माझा हार घातलेला फोटो

शिपाई, कंपाउंडर, भटजी, वकिलाचा कारकून असं करत बरीच वर्षं कॅमेऱ्यासमोर काढल्यावर मला एका रोजच्या मालिकेत नायकाच्या बापाचं काम मिळालं. पहिल्यांदाच सोफ्यावर बसायला मिळालं. तोवरच्या सगळ्या भूमिका मी उभ्यानेच केल्या होत्या. टेंभुर्णीला गावच्या घरी आनंदीआनंद झाला. संध्याकाळी मालिका लागली की शेजारच्या बाया आमच्याकडेच येऊन बसायच्या.

पण थोड्याच महिन्यांत लेखकाने मला हृदयविकाराने मारलं. मला ते सकाळी मेकअपच्या खुर्चीत कळलं. दुपारी कोपऱ्यात उभं करून माझा फोटो काढला. फोटोग्राफर म्हणाला, जरा समाधानी दिसा. नुकतंच काम गेलेल्या माणसाने समाधानी दिसायचं, इतका अवघड अभिनय मी आधी कधी केला नव्हता. फोटोला चंदनाचा हार घालून तो मालिकेतल्या दिवाणखान्यात टांगला आणि मी माझ्या शहरातल्या खोलीवर आलो.

मी घरी बसलो, पण फोटो कामाला लागला. मालिकेतला जो तो रडायला त्याच्यासमोरच यायचा. जिवंतपणी मिळाले नव्हते इतके क्लोजअप त्याला मिळाले. वडील खूश होते. त्यांच्या मते पोरगं आता कुठे पर्मनंट झालं होतं.

आईचं मात्र बिनसलं. जित्या पोराच्या फोटोला हार, हे तिला बघवेना. मी फोनवर समजावलं की सगळं नाटक आहे, तिथल्या भिंतीसुद्धा प्लायवूडच्या आहेत.

"मला कळतंय रे खोटं हाय ते," ती म्हणाली. "पण फोटो तर तुझाच हाय ना."

 दुसऱ्या दिवशी दिग्दर्शकाला गाठून विचारलं, हार तेवढा काढता येईल का. त्याने गंभीरपणे विचार केला आणि म्हणाला, हार काढला तर प्रेक्षकांना वाटेल तुम्ही दुबईला गेलात.

मग आईनेच मार्ग काढला. पडद्यावर फोटो दिसला की ती मला फोन लावायची. जेवलास का, एवढंच विचारायची आणि माझा आवाज ऐकला की ठेवून द्यायची. एकदा मी दुसऱ्या मालिकेत न्यायाधीश होतो. फाशीची शिक्षा सुनावताना कोटाच्या खिशात तिचा फोन थरथरत होता.

त्या उन्हाळ्यात गावी गेलो तेव्हा आईला घेऊन जांब समर्थला दर्शनाला गेलो. देवळाबाहेर चपला घालत होतो, तर एक म्हातारी माझ्याकडे बघतच राहिली. भुताला बघून घाबरली असेल असं मला वाटलं. पण ती सरळ जवळ आली, माझा हात धरला आणि रागावायलाच लागली. मी गेल्यापासून दोन्ही पोरं घरासाठी भांडत होती, धाकट्या सुनेला धड खायला मिळत नव्हतं, आणि मी वाटणी न करताच निघून गेलो होतो. मी म्हणालो, ते माझ्या हातात नव्हतं.

"हां, ते बी खरंच," म्हातारी निवली. "मरण काय कुणाच्या हातात ऱ्हातं."

आईला राहवलं नाही. ती पुढे होऊन म्हणाली, "मी ह्याची माय. ह्याला बिलकुल काही झालं न्हाई. धडधाकट हाय."

म्हातारीने माझा हात न सोडता आईकडे कळवळून पाहिलं. "लई गुणाचा होता वो तुमचा पोरगा."

आईने पदर तोंडाला लावला. मला वाटलं ती रडते आहे, पण तिचे खांदे हसण्याने हलत होते. मग दोघी पायरीवर बसल्या आणि मालिकेतल्या सुनांबद्दल बोलत राहिल्या. मला चहा आणायला पाठवलं.

परतीच्या एसटीने जालना सोडलं. मग आई म्हणाली, "माणूस गेल्यावर लोक काय बोलत्यात, ते त्याला कधी ऐकाया मिळत न्हाई. तुला मिळालं."

त्यानंतरही फोन येत राहिले, पण जेवणाची चौकशी बंद झाली. एका संध्याकाळी ती म्हणाली की मोठ्या सुनेने फोटोवरची धूळ पुसलीच नाही, हे बराबर नाही, तिला सांग. मी त्या नटीला सांगितलं. तिने पुढच्याच रडण्याच्या प्रसंगात कुणाला न विचारताच पदराने काच पुसली, आणि दिग्दर्शकाला ते इतकं आवडलं की त्याने तसंच ठेवलं. तो भाग लागला तेव्हा मी फोनची वाट बघत बसलो.

आई म्हणाली, "पुसला. पण कोपरे राह्यले."